मास्तरांची चुन्याची रेघ

नोकरीवर रुजू होण्याच्या पहिल्याच दिवशी मला पळावं लागलं. वय चोवीस, अंगात नवा लांब कोट, काखेत शिफारसपत्र, आणि गणिताचा मास्तर म्हणून आपण या तालुक्याच्या गावाला काहीतरी शिकवायला आलो आहोत असा चेहरा. गाडीवानाने मला एका मोठ्या मैदानाच्या कडेला उतरवलं आणि पलीकडची कौलारू इमारत दाखवून म्हणाला, "थे पाहा शाळा." मी सरळ मैदानातून निघालो. पायाखाली चुन्याची एक पांढरी रेघ आली आणि त्याच क्षणी कानाचे पडदे फाटतील अशी शिट्टी वाजली. खाकी अर्धी चड्डी, पिंढऱ्यांना पट्ट्या, डोक्याला गुलाबी रुमाल अशा वेषातला एक काटकुळा गृहस्थ माझ्याकडे धावत आला.

"पया," तो म्हणाला. पया म्हणजे पळा.

"मी नवा गणिताचा मास्तर आहे," मी म्हणालो.

"मंग तं तुमाले मोजता येते. या रेघेपासून त्या रेघेपर्यंत बारा पावलं. पया."

मी पळालो. कोटाचा खिसा धरून, शिफारसपत्र सांभाळत पळालो. पलीकडची रेघ ओलांडली तेव्हा तो गृहस्थ समाधानाने मान हलवून म्हणाला, "हात हालत नाईत तुमचे. होईन हळूहळू." हे आमच्या शाळेचे ड्रिलमास्तर. पुढची अकरा वर्षं मी त्यांच्यासोबत काढली आणि माझे हात काही हलले नाहीत.

मैदानावर चुन्याच्या दोन रेघांचा एक लंबगोल पट्टा होता. शर्यतींसाठी मास्तरांनी तो स्वतः दोरीने मोजून आखला होता आणि दर रविवारी सकाळी तांब्यातून चुना सोडत सोडत पुन्हा ठळक करत. नियम एकच. पट्ट्यावरून कोणी चालायचं नाही, पळायचं. मैदान नेमकं वस्ती आणि कचेरी यांच्या मध्ये असल्यामुळे कोर्टकज्जा असो, टपाल असो की बाजार असो, जाताना दोनदा आणि येताना दोनदा हा पट्टा लागायचाच. मग तहसीलचे कारकून फायली छातीशी धरून पळत. हकीमसाहेब दाढी सावरत पळत. बाया डोक्यावर दोन-दोन हंडे घेऊन पळत आणि थेंब सांडत नसे. आजाऱ्याला आणि पोटुशीला सूट होती. अंत्ययात्रेलाही होती, पण खांदेकरी सवयीने तिथे जरा पाय उचलतच. चिखलीच्या बाजारात म्हणे आमच्या गावचा माणूस लांबूनच ओळखू येई, कारण रस्त्यात पांढरं काही दिसलं की तो आपोआप दुडक्या चालीने जाऊ लागे.

मी एकदा त्यांना या नियमाचं कारण विचारलं. मला वाटलं, शिस्त, आरोग्य, बलोपासना असं काहीतरी भारी उत्तर येईल.

"चालणारा पाय घासते," मास्तर म्हणाले. "पयणारा पाय उचलते. लोक चालले तं रेघ पुसते. चुना का झाडाले लागते काय?"

इतकं साधं होतं ते. पण ते साधं कारणही त्यांना कधी कोणी विचारलं नव्हतं. शिट्टी वाजली की पळायचं, एवढं गावाला पुरत होतं.

मास्तर राहत मैदानाच्या कोपऱ्यात, जुन्या कोंडवाड्याच्या खोलीत. आत एक बाज, एक घागर, हॉकीच्या सतरा काठ्या आणि भिंतीला खळीने चिकटवलेला वर्तमानपत्राचा एक तुकडा. हा तुकडा खामगावहून आलेल्या गुळाभोवती गुंडाळलेला होता. त्यावर विलायतेतल्या एका प्रचंड क्रीडांगणाचं चित्र होतं. चारी बाजूंनी पायऱ्या आणि त्यांवर मुंग्यांसारखी माणसं. खाली लिहिलं होतं की त्या साऱ्या देशाचं हे मैदान आहे. गूळ संपला, मुंग्याही येऊन गेल्या, पण मास्तरांच्या डोक्यातून ते चित्र काही गेलं नाही.

"साऱ्या देशाचं एक मैदान," ते मला म्हणत. "आपल्याले काऊन नाई? अन् झालं तं ते दिल्लीलेच होईन, पाहा तुम्ही. दिल्लीवाले पयतेत काय कधी?"

एवढ्यावर थांबले असते तर ते मास्तर कसले. त्यांनी सुताराकडून एक फळी आणली, तीवर डांबराने 'हिंदुस्थानचे क्रीडांगण' असं लिहिलं आणि ती मैदानाच्या तोंडाशी ठोकली. दुसऱ्या दिवशी फौजदार आले. हिंदुस्थान हा शब्द पाहिला की त्या काळी फौजदाराला यावंच लागे. त्यांनी विचारलं, ही जागा नझूलची, म्हणजे सरकारची, ती हिंदुस्थानची कुणी केली? मास्तर म्हणाले, सरकार हिंदुस्थानात आहे की नाही? फौजदार विचारात पडले. शेवटी तहसीलदारांनी मध्यस्थी केली आणि फळीवर खाली बारीक अक्षरांत एक ओळ वाढवण्यात आली. 'हिंदुस्थानचे क्रीडांगण' आणि त्याखाली, 'तूर्त तालुक्यापुरते'. ही फळी मी गाव सोडलं तेव्हाही होती आणि मला ती दरवेळी वाचताना हसू येई. मास्तरांना त्यात हसण्यासारखं काही दिसत नसे. 'तूर्त' या शब्दावर त्यांचा फार भरवसा होता.

चित्रातल्यासारख्या पायऱ्याही त्यांनी करून पाहिल्या. मैदानाला लागून तलावाची पाळ होती. वरच्या वर्गातली पोरं लावून त्यांनी त्या पाळीत सात पायऱ्या खोदल्या आणि तिला गॅलरी म्हणू लागले. पहिल्या हॉकीच्या सामन्याला गॅलरीत नऊ माणसं आणि चौदा बकऱ्या होत्या. मास्तरांनी बकऱ्यांनाही हुसकलं नाही. बसायची सवय लागली पाहिजे, म्हणाले. पुढच्या आषाढापर्यंत पायऱ्या विरून पाळीत मिसळल्या आणि बकऱ्या पुन्हा उभ्याने सामने पाहू लागल्या.

त्यांचं लग्न झालं नव्हतं. मी एकदा छेडलंच. ते चण्याची भाजी निवडत बसले होते, मान वर न करता म्हणाले, "मुलगी पाहाले गेल्तो ना, दुसरबीडले. चांगली होती. तिच्या मामानं सांगतलं, पोरी, चालून दाखव पाहुण्याले. मी म्हटलं, चालून काय समजते? पयून दाखव म्हणा."

"मग?"

"मंग तिच्या बापानं मलेच पयवलं. गावच्या शिवेपर्यंत." पुढची काडी खुडत म्हणाले, "बाप चांगला पये पण."

असा हा माणूस. पण त्यांना नुसतं विक्षिप्त म्हणून मोकळं होणं मला जमणार नाही, कारण त्यांच्या मैदानाची खरी गंमत वेगळी होती. ते मैदान फक्त शाळेचं त्यांनी कधी मानलं नाही. पहाटे तालमीतले पैलवान तिथे घाम गाळत. सकाळी दोरवाले करीमभाई अंबाडीचे लांबच लांब दोर ताणून वळत, कारण एवढी सरळ मोकळी जागा गावात दुसरी नव्हती. ऊन तापलं की सखूबाई म्हणून एक म्हातारी मिरच्या पसरायची. दुपार कलली की आम्ही ड्रिल आणि हॉकी. मग कुणीतरी शंकरपटाच्या शर्यतीची बैलजोडी धावायला आणे. कधी लग्नाची पंगत, कधी ताजियाचा मुक्काम, कधी कीर्तन. सगळ्यांना मुभा होती, पट्टा सोडून. मास्तर कुणाला नाही म्हणत नसत, फक्त वेळ ठरवून देत. घड्याळ गावात तिघांकडेच होतं, पण मैदानावर कोण आहे ते पाहून आम्ही वेळ सांगत असू. सखूबाईने मिरच्या गोळा केल्या म्हणजे चार वाजले.

हे मैदान जाणार अशी बातमी आली ती एका हिवाळ्यात.

आमच्या गावच्या कापसाच्या जिनाचे मालक, ज्यांना सगळे नुसतंच शेठ म्हणत, त्यांनी अर्ज केला होता. कापूस वाढला होता, गाड्यांना उभं राहायला जागा नव्हती, आणि जिनाच्या जवळची मोकळी नझूल जागा म्हणजे हीच. शेठ काही दुष्ट माणूस नव्हते. तीन पिढ्या गावात काढलेले, बोलायला गोड, देहाने ऐसपैस आणि शाळेच्या बक्षीस समारंभाला दरवर्षी खुर्चीत बसणारे. त्यांना जागा हवी होती, आणि जागा पडीकच आहे असं त्यांना खरोखर वाटत होतं. बुलढाण्याचे डिप्टी कमिशनर साहेब दौऱ्यावर येऊन जागेवरच निकाल देणार असं ठरलं.

मास्तर आठ दिवसांत सुकले. शिट्टी वाजवायचे, पण तिच्यात दम नसे. एक दिवस माझ्याकडे येऊन ओट्यावर बसले आणि म्हणाले, "गणितवाले, मैदान गेलं तं मी ड्रिल कोठी घेऊ? वर्गात? पोरायचे हात भितीले लागतीन." मग शिट्टी बोटांत फिरवत म्हणाले, "अन् मी कोठी जाऊ?"

इतकी वर्षं मी त्यांना हसत आलो होतो आणि त्या क्षणी माझ्या लक्षात आलं की हा माणूस मला फार आवडतो.

म्हणून मी अक्कल चालवली. सांगायला हवं की पुढे जो घोटाळा झाला तो सर्वस्वी माझा. मी म्हणालो, साहेबाला दाखवून देऊ की मैदान गावाच्या किती कामी पडतं. आणि मीच दवंडीचा मजकूर लिहून दिला. 'उद्या सकाळी आठ वाजता मोठे साहेब मैदान पाहण्यास येत आहेत, तरी मैदान ज्याच्या ज्याच्या कामी पडते त्याने आपापल्या कामानिशी हजर राहावे हो.' दवंडीवाल्याने डफडं बडवत ते गावभर सांगितलं. मी निर्धास्त झोपलो.

गणिताच्या मास्तराने एवढा हिशेब करायला हवा होता. जे मैदान दिवसभर वाटून वाटून वापरलं जाई, त्यावर ते सगळं आठ वाजता एकदम आलं.

आठला पाच कमी असताना मी मैदानावर पोचलो आणि डोक्याला हात लावला. हॉकीच्या एका गोलात सखूबाईने मिरच्या पसरल्या होत्या. करीमभाईंनी दोर नेमका मधोमध आडवा ताणला होता आणि आमची ड्रिलची पोरं त्याच्या दोन्ही बाजूंना वाटली गेली होती. पैलवान लंगोट लावून शड्डू ठोकत होते. दोन बैलजोड्या फुरफुरत होत्या. ताशेवाले सरावाला आले होते, कारण तेही तिथेच सराव करत, आणि कुणी सांगितल्याशिवाय वाजवू लागले होते. एका कुटुंबाने तर लग्नाची चूल मांडली होती. लग्न पुढच्या महिन्यात होतं, पण दवंडीत कामानिशी असं म्हटलं होतं ना. या सगळ्याच्या मध्ये मास्तर उभे होते. शिट्टी हातात होती, तोंडाकडे जात नव्हती.

साहेब घोड्यावरून आले, मागे तहसीलदार, आणि छत्री घेतलेले शेठ. साहेब उतरले आणि बराच वेळ बघत राहिले. ठसका लागला तेव्हा रुमाल नाकाला लावला, कारण वारा मिरच्यांवरून येत होता.

शेठ हलक्या आवाजात म्हणाले, "साहेब, तुम्हीच पाहा. हे मैदान नाई, हा बाजार आहे. बाजारच भरवाचा तं मंग कापसाचा भरवू. सरकारचा अन् गावाचा, दोघायचाबी फायदा होईन."

तहसीलदारांनी साहेबाला ते समजावून सांगितलं. साहेबाने मान डोलावली. शेठच्या जागी मी असतो तर मीही हेच म्हटलं असतं.

"गाड्या कोठी उभ्या राहतीन ते दाखवतो," शेठ म्हणाले आणि साहेबाला घेऊन निघाले. छत्रीने दाखवत, बोलत बोलत चालले होते. "इथं शंभर गाड्या, साहेब, अन् तिकडं वजनाचा काटा, अन् त्या बाजूले..." एवढं बोलेपर्यंत पायाखाली चुन्याची रेघ आली. शेठने धोतराचा सोगा डाव्या हाताने उचलला, छत्री काखेत मारली आणि पळाले. तो ऐसपैस देह डुलत डुलत बारा पावलं पळत गेला, पलीकडची रेघ ओलांडून थांबला, सोगा सोडला आणि पुढचं वाक्य बोलायला मागे वळला. साहेब मात्र अलीकडेच राहिले होते.

ताशे आपोआप बंद पडले.

"शेठ," साहेब त्यांच्या हिंदीत म्हणाले, "तुम दौडा क्यूं?"

शेठ धापा टाकत होते. आपण पळालो हे त्यांच्याही तेव्हाच ध्यानात आलं असावं. "पट्ट्यावरून चालत नसतेत, साहेब," ते म्हणाले.

"कौन बोला?"

शेठने छत्रीने मास्तरांकडे दाखवलं.

मग साहेब नीट पाहू लागले. त्यांच्या नजरेबरोबर मीही पाहिलं, आणि जे मला इतक्या वर्षांत कधी जाणवलं नव्हतं ते त्या दिवशी दिसलं. त्या सगळ्या गर्दीत पट्टा मोकळा होता. एक मिरची त्यावर नव्हती, दोराचं टोक नव्हतं, चुलीची राख नव्हती. बैलांनाही पट्टा सोडून आतल्या मैदानात उभं केलं होतं. पांढरा लंबगोल पूर्णच्या पूर्ण रिकामा, आणि तेवढ्यात पाण्याचा हंडा घेऊन एक बाई आली ती साहेबाच्या शेजारून तुरुतुरु पळत पार झाली. साहेब आहेत म्हणून थांबली नाही की चालली नाही.

साहेबाने विचारलं, "यार्ड होगा तो ये लाइन रहेगा?"

शेठ छत्रीची दांडी उगाच चाचपत राहिले. तहसीलदारांना वाटलं प्रश्न कळला नाही, म्हणून त्यांनी मराठीतून सांगितला. शेठ म्हणाले, "कळला." मग हळूहळू बोलायला लागले, साहेबाशी कमी आणि आमच्याशी जास्त.

"खरं सांगू काय? या गावात मी कोठीबी गेलो तं लोक उठून उभे राहतेत. शेठ बसा. शेठ पाणी घ्या. शेठ, उनात नका येऊ. बारा महिने बसून बसून राह्यलो मी. माये पोरंबी मले हात देऊन उठवतेत. या एका जागी मास्तर म्हणते, पया. म्हणून मी पयतो." त्यांनी आजूबाजूला पाहिलं. "इथं गाड्या उभ्या राह्यल्या तं मले पय म्हणणारं गावात कोणीच नाई उरत."

बैलांच्या घुंगरांचा तेवढा आवाज.

"मले नाल्यापलीकडची जागा चालते, साहेब," शेठ म्हणाले. "थोडं लांब पडते. पडू द्या."

साहेबाने तहसीलदाराकडून कागद घेतला, घोड्याच्या खोगिरावर ठेवून त्यावर चार ओळी खरडल्या आणि मास्तरांना बोलावून एवढंच म्हणाले, "मास्तर, मैदान रहेगा." मग घोड्यावर बसून दुडक्या चालीने पट्टा ओलांडून गेले. घोडा तसाही पळतच होता, त्यामुळे नियम मोडला नाही.

मास्तरांनी साहेबाला सलाम केला नाही की शेठचे आभार मानले नाहीत. ते वळले आणि आपल्या खोलीकडे निघाले. मान खाली, हात लोंबकळते. वाटेत पट्टा आला आणि मास्तर त्यावरून चालत गेले. पाय ओढत, एकेक पाऊल टाकत. सगळं गाव ते पाहत होतं. मला रडू आवरेना, खोटं कशाला सांगू.

मधोमध पोचले तेव्हा सखूबाई मिरच्यांमधून म्हणाली, "मास्तर, रेघ पुसून राह्यली पाहा."

मास्तरांनी खाली पाहिलं. मग रुमालाच्या शेवाने डोळे पुसले आणि पळायला लागले. पट्टा ओलांडला नाहीच, त्यावरच वळले. त्यांच्यामागे ड्रिलची पोरं पळाली, मग पैलवान, मग करीमभाई, ताशेवाले, आणि मीही. पुढे मास्तर, मागे आम्ही, अशी एक पूर्ण चक्कर झाली. शेठ पाव चक्करीतच बसले, पण बसले ते पट्ट्याच्या बाहेर.

चक्कर संपवून मास्तर शेठसमोर येऊन थांबले. मला वाटलं, आता पाया पडतात की काय. मास्तरांनी त्यांना वरपासून खालपर्यंत पाहिलं.

"शेठ," ते म्हणाले, "पयताना सोगा हातात धरत जाऊ नका, अन् छत्री घरी ठेवा. उद्या सकाळी सहाले या. उशीर नाई पाह्यजे."

दुसऱ्या दिवशी शेठ पावणेसहालाच येऊन रेघेपाशी उभे होते.